निकाल राखून ठेवला, तर दाद कुठे मागायची?

प्रश्न : मराठवाड्यातील एका सार्वजनिक विद्यापीठाशी संलग्न असलेल्या महाविद्यालयात मी बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला होते. सहाव्या सत्राची परीक्षा मे महिन्याच्या पहिल्या आठवड्यात संपली. जूनअखेर वर्गातील इतरांचे निकाल लागले, पण माझ्या बैठक क्रमांकासमोर ‘निकाल राखीव’ एवढेच दिसते. महाविद्यालय म्हणते की विद्यापीठात चौकशी करा, आणि विद्यापीठाचा परीक्षा विभाग म्हणतो की महाविद्यालयाने प्रात्यक्षिकाचे अंतर्गत गुणच पाठवलेले नाहीत. मला दुसऱ्या संस्थेत एम.एस्सी.ला तात्पुरता प्रवेश मिळाला आहे, मात्र गुणपत्रिका महिनाअखेरपर्यंत दिली नाही तर तो रद्द होईल असे पत्र आले आहे. एका नातेवाइकांनी ग्राहक मंचात जाण्याचा सल्ला दिला, दुसऱ्यांनी थेट उच्च न्यायालयात. वडील शेतकरी आहेत आणि वकिलाचा खर्च आम्हाला झेपणार नाही. मी काय करावे?
— एक विद्यार्थिनी, परभणी

उत्तर : निकाल न लागण्याचे दोन अगदी वेगळे प्रकार असतात आणि त्यांवरचे उपायही वेगळे आहेत. संपूर्ण परीक्षेचाच निकाल रखडला असेल, तर तो विद्यापीठाच्या कारभाराचा प्रश्न असतो. परीक्षेचा निकाल लागला, पण एखाद्याच विद्यार्थ्याचा राखून ठेवला, तर त्यामागे त्या विद्यार्थ्यापुरते काहीतरी कारण नोंदलेले असते. आपला प्रश्न दुसऱ्या प्रकारचा आहे, म्हणून ते कारण लेखी मिळवणे ही पहिली पायरी होय.

महाराष्ट्र सार्वजनिक विद्यापीठे अधिनियम, २०१६ याच्या कलम ८९ नुसार परीक्षेच्या शेवटच्या दिवसापासून ३० दिवसांत निकाल जाहीर करण्याचा प्रयत्न विद्यापीठाने करावयाचा असतो आणि कोणत्याही परिस्थितीत तो ४५ दिवसांच्या आत जाहीर करावयाचा असतो. ‘आम्ही निकाल लावला आहे’ असे उत्तर आपल्याला ऐकावे लागेल. परंतु निकाल परीक्षेचा लागला, आपला लागला नाही. निकाल राखून ठेवण्यासाठी नियमाचा आधार लागतो, आणि तो कोणता हे विचारण्याचा आपल्याला पूर्ण अधिकार आहे.

व्यवहारात ‘राखीव’ या एका शब्दाखाली बऱ्याच गोष्टी दडलेल्या असतात. अंतर्गत गुण न येणे, पात्रता प्रमाणपत्राची पूर्तता बाकी असणे, आधीच्या सत्रातील एखादा विषय अनुत्तीर्ण दिसणे, उत्तरपत्रिकेवरील बारकोड आणि बैठक क्रमांक न जुळणे, हजर विद्यार्थ्याची नोंद गैरहजर म्हणून होणे, गैरप्रकाराचा अहवाल प्रलंबित असणे, यांपैकी काहीही असू शकते. खिडकीवरचा कर्मचारी जे तोंडी सांगतो ते खरे असेलच असे नाही, आणि खरे असले तरी उद्या ते कुणी मान्य करीलच असेही नाही. विद्यार्थी परीक्षा विभागात पुन्हा पुन्हा खेटे घालतात, आणि शेवटी वकिलासमोर बसतात तेव्हा त्यांच्या हातात आवक शिक्का असलेला एकही कागद नसतो. माझ्याकडे येणाऱ्या बहुतेक प्रकरणांतील खरी अडचण कायद्याची नसून हीच असते.

म्हणून आजच परीक्षा व मूल्यमापन मंडळाच्या संचालकांच्या नावे अर्ज लिहावा. एक प्रत प्राचार्यांमार्फत जाऊ द्यावी आणि दुसरी आपण स्वतः विद्यापीठाच्या आवक विभागात देऊन क्रमांक व तारखेसह पोच घ्यावी. ईमेल पाठवला तरी त्याच मजकुराचे स्पीड पोस्ट पाठवून पावती जपावी. अर्जात कायम नोंदणी क्रमांक, बैठक क्रमांक, परीक्षेचे नाव व सत्र लिहावे, हॉल तिकिटाची आणि निकालाच्या संगणकीय पानाची प्रत जोडावी आणि मागणी नेमकी ठेवावी : निकाल कोणत्या कारणाने व कोणत्या नियमाखाली राखून ठेवला ते लेखी कळवावे, त्रुटी असल्यास ती कोणी दूर करावयाची ते सांगावे आणि ठराविक तारखेच्या आत निकाल जाहीर करावा. प्रवेश रद्द होण्याचे जे पत्र आपल्याला आले आहे ते या अर्जासोबत जोडलेच पाहिजे, कारण पुढे कोणत्याही टप्प्यावर आपली निकड सिद्ध करणारा तोच कागद आहे.

दुसरा अर्ज प्राचार्यांना द्यावा. अंतर्गत गुण ज्या पत्रासोबत विद्यापीठाकडे पाठवले गेले त्या पत्राची, किंवा गुण संगणकप्रणालीत भरल्याच्या नोंदीची, तारखेसह प्रत त्यात मागावी. ती मिळाली, तर जबाबदारी विद्यापीठाची ठरते. गुण पाठवलेच नव्हते असे निघाले, तर प्राचार्यांनी विलंबाचे कारण देऊन ते तातडीने पाठवावेत, असा आग्रह धरता येतो. प्रात्यक्षिकाच्या दिवशी आपण हजर असल्याची स्वाक्षरी विभागाच्या उपस्थितीपत्रकावर असेल, तिचीही प्रत घ्यावी.

यानंतर तक्रार. विद्यापीठ अनुदान आयोगाचे विद्यार्थी तक्रार निवारणाविषयीचे विनियम ११ एप्रिल २०२३ रोजी अधिसूचित झाले आहेत आणि शैक्षणिक वेळापत्रकात दिलेल्या मुदतीपलीकडे निकाल लांबणे हा त्यांत तक्रारीचा विषय म्हणून स्पष्टपणे नमूद आहे. प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती असणे बंधनकारक असून तक्रार मिळाल्यापासून १५ कामकाजाच्या दिवसांत तिने आपला अहवाल द्यावयाचा असतो. निर्णय मान्य नसेल, तर तो मिळाल्यापासून १५ दिवसांत विद्यापीठाच्या लोकपालांकडे अपील करता येते आणि लोकपालांनी ३० दिवसांत तक्रार निकाली काढणे अपेक्षित आहे. लोकपालपदी निवृत्त कुलगुरू, अनुभवी निवृत्त प्राध्यापक किंवा माजी जिल्हा न्यायाधीश नेमले जातात आणि संलग्न महाविद्यालयांतील विद्यार्थ्यांच्या तक्रारीही त्यांच्या कक्षेत येतात. केवळ फेरमोजणी किंवा पुनर्मूल्यांकन मागणारा अर्ज मात्र लोकपाल सहसा ऐकत नाहीत. निकालावर परिणाम करणारी विशिष्ट अनियमितता किंवा भेदभाव दाखवावा लागतो. त्यामुळे आपल्या तक्रारीत ‘गुण कमी मिळतील अशी भीती आहे’ यासारखी वाक्ये घालू नयेत. निकाल जाहीर करणे एवढ्याच मुद्द्यावर राहावे.

माहिती अधिकाराचा अर्जही याच वेळी करून ठेवावा. १० रुपयांचे न्यायालय फी मुद्रांक लावून अर्ज विद्यापीठाच्या जन माहिती अधिकाऱ्यांकडे द्यावा. महाराष्ट्राच्या नियमांप्रमाणे अर्ज एकाच विषयाचा आणि साधारणतः १५० शब्दांच्या मर्यादेत असावा लागतो. ‘माझा निकाल का लावला नाही?’ असा प्रश्न विचारला, तर ‘अशी माहिती अभिलेखात उपलब्ध नाही’ असे उत्तर सहज देता येते. त्याऐवजी कागद मागावेत : अंतर्गत गुण प्राप्त झाल्याची नोंद, निकाल राखून ठेवण्याच्या आदेशाची किंवा टिपणीची प्रत, धारिका सध्या ज्या अधिकाऱ्याकडे आहे त्याचे पदनाम. उत्तराची मुदत ३० दिवसांची आहे, म्हणजे आपल्या प्रवेशाच्या मुदतीपूर्वी ते येण्याची शक्यता कमी. तरीही अर्ज करावा, कारण प्रकरण लांबले तर हीच कागदपत्रे उपयोगी पडतात.

ग्राहक आयोगाचा मार्ग सोडून द्यावा. बिहार शाळा परीक्षा मंडळाच्या प्रकरणात २००९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले आहे की परीक्षा घेणे आणि निकाल लावणे हे मंडळाचे वैधानिक कर्तव्य आहे; ती मोबदला घेऊन पुरवलेली सेवा नव्हे आणि परीक्षार्थी हा ग्राहक नव्हे. २०१० मध्ये महर्षी दयानंद विद्यापीठाच्या प्रकरणातही हीच भूमिका कायम राहिली. परीक्षा शुल्क भरले म्हणून आपण ग्राहक झालो, हा युक्तिवाद ऐकायला पटतो. तो टिकत नाही, आणि त्यात महिने जातात.

उरतो उच्च न्यायालयाचा मार्ग. संविधानाच्या अनुच्छेद २२६ खाली रिट याचिका करून, कायद्याने सोपवलेले कर्तव्य पार पाडण्याचा आदेश विद्यापीठाला द्यावा, अशी मागणी करता येते. परभणी जिल्हा औरंगाबाद खंडपीठाच्या क्षेत्रात येतो. न्यायालय पहिल्यांदा दोन गोष्टी विचारील : आपण लेखी मागणी केली होती काय, आणि तक्रार निवारण समितीकडे गेला होतात काय. पर्यायी उपाय उपलब्ध असणे हा याचिकेला पूर्ण अडसर नाही. मुदत इतकी जवळ आहे की समितीच्या निर्णयाची वाट पाहिल्यास प्रवेशच जाईल, हे कागदांवरून दाखवता आले तर न्यायालय तातडीची सुनावणी घेऊ शकते. आपली तक्रार मात्र त्याआधी दाखल झालेली असावी.

याचिकेत एक चूक वारंवार होते. विद्यार्थी विद्यापीठाला आणि महाविद्यालयाला प्रतिवादी करतात, पण जिथे प्रवेश मिळाला आहे त्या संस्थेला करत नाहीत. निकाल लावण्याचा आदेश चार आठवड्यांनी मिळाला आणि तोवर जागा भरली गेली, तर त्या आदेशाचा उपयोग काय? म्हणून त्या संस्थेलाही पक्षकार करावे आणि निकाल येईपर्यंत तात्पुरता प्रवेश चालू ठेवावा, असा अंतरिम आदेश मागावा. त्याआधी त्या संस्थेला स्वतंत्र पत्र लिहून, निकाल राखीव असल्याचा पुरावा जोडून, हमीपत्रावर मुदतवाढ मागून पाहावी. पुष्कळदा काम तेवढ्यावर भागते. अंतरिम आदेशाने मिळालेला प्रवेश हा हक्क नसतो, याची जाणीव ठेवावी. निकालात आपण अनुत्तीर्ण ठरलात, तर तो प्रवेश टिकणार नाही.

विद्यापीठाने आता अचानक पात्रतेचा किंवा उपस्थितीचा मुद्दा पुढे केला, तर १९७६ चा कुरुक्षेत्र विद्यापीठाचा निवाडा वकिलांच्या नजरेस आणावा. त्या प्रकरणात विधी शाखेच्या विद्यार्थ्याला उपस्थिती कमी असताना परीक्षेला बसू दिले आणि नंतर त्याची उमेदवारी रद्द केली. छाननी करण्याची संधी असताना विद्यापीठाने ती केली नाही आणि विद्यार्थ्यानेही काही लपवले नव्हते, त्यामुळे परीक्षेनंतर उमेदवारी काढून घेता येणार नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने ठरवले आणि निकाल जाहीर करण्यास सांगितले. विद्यार्थ्याने खोटी माहिती दिली असेल, तर हे संरक्षण मिळत नाही.

खर्चाची काळजी आपण करू नये. विधी सेवा प्राधिकरण अधिनियम, १९८७ च्या कलम १२ नुसार महिलांना उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर साहाय्य मिळते. खंडपीठाच्या विधी सेवा उपसमितीकडे अर्ज करावा. परभणीच्या जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून त्यासाठी मार्गदर्शन मिळेल.

प्रश्न : माझ्या मुलाच्या पदवीच्या शेवटच्या वर्षाची परीक्षा संपून ७० दिवस झाले तरी विद्यापीठाने त्या अभ्यासक्रमाचा निकालच लावलेला नाही. मिळालेली नोकरी यामुळे हातची गेली. ४५ दिवसांचा नियम मोडल्याबद्दल नुकसानभरपाई मिळते का?
— एक पालक, डोंबिवली

उत्तर : आपला राग रास्त आहे, पण भरपाईबाबतचे उत्तर निराशाजनक आहे. कलम ८९ मध्ये मुदत आहे, मात्र ती चुकल्याबद्दल विद्यार्थ्याला अमुक रक्कम द्यावी अशी तरतूद नाही. ४५ दिवसांत निकाल लागला नाही, तर विलंबाची सविस्तर कारणे देणारा अहवाल तयार करून तो राज्य शासनामार्फत कुलपतींना, म्हणजे राज्यपालांना, सादर करण्याचे बंधन विद्यापीठावर आहे. त्यावर कुलपती निर्देश देऊ शकतात आणि ते पाळणे विद्यापीठाला भाग असते.

ही तरतूद अगदीच दात नसलेली आहे असे म्हणता येणार नाही. २०१७ मध्ये मुंबई विद्यापीठाने पुरेशी तयारी न करता सर्व उत्तरपत्रिकांचे संगणकाच्या पडद्यावर मूल्यांकन करण्याचा निर्णय घेतला आणि उन्हाळी परीक्षांचे निकाल कोलमडले. कुलपतींनी घालून दिलेली ३१ जुलैची मुदतही पाळली गेली नाही. अनेक विद्यार्थ्यांचे पुढील प्रवेश अडले, विधी शाखेच्या विद्यार्थ्यांना उच्च न्यायालयाचे दार ठोठवावे लागले, आणि निकाल लागल्यानंतरही हजारोंचे निकाल ‘राखीव’ राहिले. अखेर २४ ऑक्टोबर २०१७ रोजी कुलपतींनी कुलगुरू संजय देशमुख यांना पदावरून दूर केले. एवढे होऊनही ज्यांचे वर्ष किंवा नोकरी गेली, त्यांना ती परत मिळाली नाही, हेही खरेच.

आपल्या बाबतीत माहिती अधिकाराखाली एकच गोष्ट मागावी : कलम ८९ प्रमाणे कुलपतींकडे पाठवलेल्या विलंब अहवालाची प्रत. अहवाल पाठवला असेल तर कारणे कळतील आणि पाठवलाच नसेल तर विद्यापीठाने कायद्याचा दुसरा भंगही केला, हे त्यांच्याच उत्तरातून सिद्ध होईल. त्यासोबत कुलपतींच्या कार्यालयाला आणि उच्च शिक्षण संचालनालयाला निवेदन द्यावे. अशा सामूहिक विलंबात एकट्याने धडपडण्यापेक्षा त्याच अभ्यासक्रमाच्या काही विद्यार्थ्यांनी मिळून केलेली याचिका अधिक परिणामकारक ठरते आणि खर्चही विभागला जातो.

भरपाईसाठी दिवाणी दावा करता येतो, पण विलंब निष्काळजीपणामुळे झाला आणि नोकरी त्याच कारणाने गेली, ही दोन्ही गोष्टी आपल्याला पुराव्याने सिद्ध कराव्या लागतील. कंपनीचे नियुक्तिपत्र आणि ती नियुक्ती गुणपत्रिकेअभावी रद्द केल्याचे पत्र, असे दोन्ही कागद जवळ असतील तरच त्याचा विचार करावा. तूर्तास मुलाने कंपनीला निकाल प्रलंबित असल्याचे विद्यापीठाचे किंवा प्राचार्यांचे पत्र देऊन रुजू होण्याची तारीख पुढे ढकलता येते का, ते विचारावे. दाव्याला वर्षे लागतील, या पत्राला एक दिवस लागतो.

प्रश्न : परीक्षेत कॉपी केल्याचा आरोप ठेवून माझा संपूर्ण सत्राचा निकाल रोखला आहे. पर्यवेक्षकांनी एका कागदावर माझी सही घेतली होती. त्यानंतर चार महिन्यांत मला कुणीही बोलावलेले नाही.
— एक विद्यार्थी, कोल्हापूर

उत्तर : गैरप्रकाराच्या आरोपावर शिक्षा करण्यापूर्वी विद्यार्थ्याला आरोप कळवणे आणि त्याचे म्हणणे ऐकून घेणे आवश्यक आहे. उत्तर प्रदेशातील माध्यमिक शिक्षण मंडळाच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने १९६२ मध्येच हा नियम घालून दिला. नोटीस न देता केलेली शिक्षा त्यामुळे टिकत नाही. याला अपवाद आहे तो संपूर्ण केंद्रावर सामूहिक कॉपी झाल्याचा. तेव्हा कुणा एकाला शिक्षा केलेली नसते, परीक्षाच रद्द केलेली असते, म्हणून प्रत्येकाची स्वतंत्र सुनावणी लागत नाही, असे याच न्यायालयाने १९७० मध्ये बिहारमधील एका केंद्राबाबत म्हटले आहे.

आपला प्रश्न चौकशी लांबवण्याचा आहे. चौकशी समितीची तारीख द्यावी, पर्यवेक्षकांचा अहवाल आणि जप्त केलेल्या साहित्याची प्रत द्यावी, अशी लेखी मागणी करावी. सर्वोच्च न्यायालयाच्या २०११ च्या निवाड्यानुसार परीक्षार्थीला माहिती अधिकाराखाली आपली तपासलेली उत्तरपत्रिका पाहता येते. सापडलेल्या मजकुराचा उत्तरांशी काही संबंध आहे का, हे त्यावरून दिसेल. सही केलेल्या कागदात कबुली लिहिलेली असेल, तर ती कोणत्या परिस्थितीत घेतली गेली हे सुनावणीपूर्वीच लेखी कळवावे. सुनावणीच्या दिवशी ते प्रथमच सांगितले, तर सहसा कुणी विश्वास ठेवत नाही. इतके करूनही हालचाल झाली नाही, तर ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरातच सुरू झालेल्या उच्च न्यायालयाच्या सर्किट बेंचकडे जाता येईल. तिथे ‘निकाल लावा’ अशी मागणी करण्यापेक्षा ‘ठराविक मुदतीत चौकशी पूर्ण करा’ अशी मागणी मान्य होण्याची शक्यता जास्त असते. आरोप गंभीर असेल, तर न्यायालय चौकशी डावलून निकाल लावायला सांगणार नाही.

प्रश्न : माझे विद्यापीठ अभिमत आहे. मलाही ४५ दिवसांचा नियम लागू होतो का?
— एक वाचक, पुणे

उत्तर : नाही. २०१६ चा अधिनियम त्याखाली येणाऱ्या सार्वजनिक विद्यापीठांपुरता आहे. अभिमत विद्यापीठे, खासगी विद्यापीठे आणि कृषी विद्यापीठे त्याबाहेर आहेत. नाशिकचे आरोग्य विज्ञान विद्यापीठ आणि लोणेरेचे तंत्रशास्त्र विद्यापीठ यांचेही स्वतंत्र कायदे आहेत. आपल्या विद्यापीठाच्या परीक्षा नियमांत किंवा शैक्षणिक वेळापत्रकात निकालाची जी तारीख दिली असेल, तीच आपल्यासाठी प्रमाण. विद्यापीठ अनुदान आयोगाचे २०२३ चे विनियम अभिमत विद्यापीठांनाही लागू असल्याने तक्रार निवारण समिती आणि लोकपाल हे दोन्ही मार्ग आपल्याला खुले आहेत. अभिमत विद्यापीठावर रिट याचिका होत नाही, असे कुणी सांगितल्यास ते मानू नये. उच्च शिक्षण देणे हे सार्वजनिक कर्तव्य असल्याने अशा विद्यापीठाविरुद्ध अनुच्छेद २२६ खाली दाद मागता येते, असे सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये तमिळनाडूतील एका अभिमत विद्यापीठाच्या प्रकरणात ठरवले आहे. प्रवेशाच्या वेळी दिलेल्या माहितीपुस्तिकेत वेळापत्रक छापलेले असेल, तर ती पुस्तिका तक्रारीसोबत जोडावी. संकेतस्थळावरील वेळापत्रक मागाहून बदलले जाऊ शकते, म्हणून त्याची तारीख दिसेल अशी छापील प्रत आजच काढून ठेवावी.